नंतर आलेली मालकी

फोन आला तेव्हा त्याच्या हातात एका म्हातारीची खालची कवळी होती. डाव्या बाजूला ती हिरडीला टोचते अशी तक्रार होती आणि तो मोटरला बारीक दगड लावून ती कड घासत होता. केसभर घासायचं होतं, जास्त नाही. खांद्याने कानाशी धरलेल्या फोनमधून एक तरुण बाई आत्याच्या गावच्या वकिलाकडून बोलते आहे असं म्हणाली. "अभिनंदन," ती म्हणाली, "तुमच्या आत्यांच्या मृत्युपत्राप्रमाणे नोंद बदलून आली. जमीन आता तुमच्या नावावर आहे. उतारा कधीही घेऊन जा." तो "बरं" म्हणाला. मग ती आणखी काही म्हणाली, बहुधा फीबद्दल, तेव्हाही तो "बरं" म्हणाला. फोन ठेवून बघतो तर मोटर चालूच होती आणि कवळीची कड नखाएवढी उडालेली. त्याने मोटर बंद केली. चौतीस वर्षांत असं दोनदा की तीनदा झालं असेल. म्हातारी पलीकडे डॉक्टरांच्या बाकावर तोंडाला रुमाल लावून बसली होती. दात हातात आल्याशिवाय ती कोणाशी बोलत नसे.

डॉक्टरांनी दाराच्या फटीतून डोकं घातलं. "मास्तर, झालं का?"

"अर्धा तास लागेल. थोडं भरावं लागतंय."

डॉक्टरांनी कवळीकडे पाहिलं, मग त्याच्याकडे पाहिलं, आणि दार ओढून घेतलं. दवाखान्याच्या मागची ही खोली आठ बाय दहाची. एक खिडकी, ती इमारतीच्या पोकळीत उघडते, तिथून फक्त पाइप दिसतात आणि पाइपांवर बसलेली कबुतरं. फळीवर ओळीने प्लास्टरचे जबडे, प्रत्येकावर पेन्सिलीने पेशंटचा नंबर. त्याने वाटीत गुलाबी पावडर घेतली, तिच्यावर पातळ औषधाचे थेंब सोडले. तो उग्र वास वर आला, जो त्याच्या शर्टांना, टिफिनच्या पिशवीला, बायकोच्या म्हणण्याप्रमाणे त्याच्या घामालासुद्धा येतो. मिश्रण ढवळताना त्याला जाणवलं की आपले दात एकमेकांवर घट्ट बसले आहेत आणि ते सोडवायला आपल्याला जोर लावावा लागतो आहे. जमीन आता तुमच्या नावावर आहे. ती जमीन त्याने एकोणीस वर्षांपूर्वी विकली होती.

विकली, म्हणजे रीतसर विकली. कागद केला, सही केली, पैसे घेतले. फक्त तेव्हा ती त्याची नव्हती. आत्याची होती. आत्या शाळेत शिवण शिकवायची. तिने लग्न केलं नाही, आणि त्याची आई गेल्यावर, तो सहा वर्षांचा असताना, त्याला उचलून स्वतःकडे आणलं. गावाबाहेर, बंद पडलेल्या काचेच्या कारखान्याच्या भिंतीला लागून तिने एक तुकडा घेतला होता. सुट्टीच्या दिवशी ती त्याला तिथे न्यायची. जमिनीत सगळीकडे काचेचे रंगीत खडे सापडायचे. हिरवे, तपकिरी, क्वचित निळे. "बूट काढू नकोस," आत्या म्हणायची, आणि मग, दर वेळी, जणू पहिल्यांदाच सुचलं आहे अशा आवाजात, "ही तुझीच आहे बरं का." पुढे ती आजोळच्या गावी राहायला गेली आणि तो याच शहरात राहिला. जमिनीचा कर तो भरायचा, पावती आत्याच्या नावाने यायची. आत्याने एकदा पत्रात लिहिलं होतं, 'जमिनीकडे लक्ष ठेव, ती तुझीच समज.' ते पत्र त्याच्याकडे होतं. 'समज' या शब्दावर त्याने पुढे जितका विचार केला तितका आयुष्यात दुसऱ्या कुठल्या शब्दावर केला नसेल.

त्या वर्षी तो सदतीसचा होता आणि दुसऱ्यांसाठी दात करून त्याला वीट आला होता. त्याला स्वतःची लॅब हवी होती. पोर्सेलीनची भट्टी, दोन माणसं हाताखाली, दारावर पाटी. आत्याला विचारलं असतं तर ती हो म्हणाली असती. हे तो तेव्हाही स्वतःला सांगायचा, नंतरही सांगत राहिला. पण हो म्हणण्याआधी तिने चष्म्याच्या वरून त्याच्याकडे पाहिलं असतं आणि "तुला जमेल का रे?" असं विचारलं असतं. त्या एका प्रश्नाला सामोरं जायला नको म्हणून त्याने विचारलंच नाही. कागद लिहिणाऱ्याने खालच्या ओठात पेन दाबून "मालक तुम्हीच ना?" असं विचारलं, तेव्हा त्याने आत्याचं पत्र आणि कराच्या पावत्यांचा गठ्ठा टेबलावर ठेवला आणि "हो, मीच" म्हणाला. कागद लिहिणाऱ्याने गठ्ठा उघडलासुद्धा नाही. समोर घेणारं जोडपं बसलं होतं. पुरुष वजनकाटे तपासणारा, दुकानादुकानांतून काटे तपासून शिक्के मारत फिरायची सरकारी नोकरी. बाई बसस्थानकावर गाड्या पुकारायची. तिचा आवाज शहरात सगळ्यांना माहीत होता, चेहरा कोणालाच नाही. 'फलाट क्रमांक चारवर लागलेली...' असं पुकारणारी, ती ही बाई. तिने सही करण्याआधी त्याला विचारलं होतं, "शांत आहे ना हो जागा?" तो म्हणाला होता, "अगदी." तिचा नवरा हसून म्हणाला, "दिवसभर बोलून हिचा घसा बसतो आणि घरी आली की मी बोलायचं नाही असा नियम आहे. आता निदान बाहेर अंगणात जाऊन बोलता येईल मला."

लॅब तीन वर्षं चालली. मग भट्टी विकली, पाटी विकता येत नव्हती म्हणून ती माळ्यावर टाकली, आणि तो या डॉक्टरांच्या मागच्या खोलीत येऊन बसला. जे झालं ते होऊन गेलं, असं म्हणण्याइतकी वर्षं मधे गेली. आत्या त्या जमिनीवर पुन्हा कधी गेलीच नाही, निदान त्याला तसं वाटत होतं. तो वर्षातून तीन-चारदा तिला भेटायला जायचा. निघताना, तो चपला घालत असताना, ती दाराच्या चौकटीला टेकून उभी राहायची आणि विचारायची, "काही सांगायचंय का तुला?" तो म्हणायचा, "नाही गं." ती म्हणायची, "बरं. जपून जा." म्हाताऱ्या माणसांना असं काहीबाही विचारायची सवय असते, असं त्याला वाटायचं. सात महिन्यांपूर्वी ती गेली. तिने मृत्युपत्र केलं आहे हे कळलं, तेव्हा त्याने मनापासून इच्छा केली की जमीन तिने शाळेला दिलेली असू दे, शेजारणीला दिलेली असू दे, कोणालाही. मग निदान आपण एक खोटं बोललो आणि ते खोटंच राहिलं, इतकं तरी सरळ राहिलं असतं. आता खोटं मागून खरं झालं होतं आणि ते त्याला जास्त जड जात होतं.

त्याने कवळी भरली, गरम पाण्यात शिजवून कडक केली, घासली, पॉलिश केली. म्हातारीने ती तोंडात घातली, जीभ फिरवली आणि म्हणाली, "आता बरी बसली. आधीच असं करायचं होतंत."

घरी त्याने फक्त बायकोला सांगायचं ठरवलं होतं, पण मुलगी आणि जावई आले होते. आणि बायकोला सांगताना त्याचा आवाज नेहमीपेक्षा खाली गेला, म्हणून सगळ्यांनीच ऐकलं. बायकोला जमीन विकल्याचं माहीत होतं. ती तेव्हा आत्याच्या नावावर होती हे माहीत नव्हतं. ती भाजी निवडत होती, तिचे हात थांबले. "म्हणजे तुम्ही दुसऱ्याची वस्तू विकलीत?" ती म्हणाली. तिने पुन्हा निवडायला सुरुवात केली. जरा वेळाने म्हणाली, "आणि आत्या पंधरा दिवस इथे राहून गेल्या तेव्हा मी त्यांना म्हटलं होतं, बरं झालं तुम्ही ह्यांना जमीन दिलीत, ती विकून निदान लॅब काढून बघता आली. त्या काही बोलल्या नव्हत्या. मला वाटलं, ऐकू आलं नसेल." त्याने विचारलं. हे कधी? लॅब बंद झाल्यावर ना? बायकोला वर्ष आठवेना. पंधरा-सोळा वर्षं झाली असतील, ती म्हणाली, त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा. म्हणजे आत्याला तेव्हापासून माहीत होतं. त्यानंतर किती वेळा तो चपला घालत होता आणि ती चौकटीला टेकून उभी होती, ते त्याने मोजायला घेतलं आणि सोडून दिलं.

जावई मात्र खुर्चीच्या कडेला सरकून बसला होता. तो वाईट माणूस नव्हता. गाड्यांचे टायर विकायचा, सगळ्यांच्या उपयोगी पडायचा, सासऱ्याला दवाखान्यात न्यायला-आणायला धावत यायचा. "बाबा, जरा थांबा," तो म्हणाला. "तेव्हा जमीन तुमची नव्हती, मग तुम्ही विकलं काय? काहीच नाही. त्या लोकांकडे आहे काय? कागद. आणि आज मालक कोण? तुम्ही." त्या बाजूला गोदामं येताहेत, एक कंपनी तुकडे शोधत फिरते आहे, त्यांचा माणूस आपल्या दुकानात टायर घ्यायला येतो, असं त्याने सांगितलं. मुलगी नवऱ्याकडे बघत नव्हती आणि बापाकडेही बघत नव्हती. ती दोघं भाड्याच्या दोन खोल्यांत सासू-सासऱ्यांसह राहत होती, आणि याबद्दल ती कधी चकार शब्द काढत नसे. ती काढत नसे, हेच त्याला नेहमी ऐकू यायचं.

जावयाच्या ओळखीचे वकील तिसऱ्या मजल्यावर बसत. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, चहा मागवला, आणि टेबलावरची टाचणी उचलून तिच्याशी खेळत बोलायला लागले. "तुमचे जावई म्हणतात तितकं सोपं नाही ते. तुम्ही त्यांना सांगितलंत, जमीन माझी आहे. त्यांनी विश्वास ठेवून पैसे दिले. आता ती खरोखर तुमची झाली, तर तुम्हाला असं म्हणता येत नाही की तेव्हा माझी नव्हती, म्हणून तो व्यवहार गेला. तुमच्या हातात आली की ती त्यांच्या हातात जायला मोकळी. त्यांनी फक्त मागायची."

"म्हणजे त्यांचीच झाली," तो म्हणाला. त्याला एकदम हलकं वाटलं.

"मागितली तर," वकील म्हणाले. "मागेपर्यंत नाही. आणि मधल्या काळात तुम्ही तिसऱ्याला विकलीत, त्याने पैसे मोजून घेतली आणि त्याला या जुन्या भानगडीचा पत्ताच नसला, तर ती त्याची. मग त्या बाईंनी तुमच्यावर दावा लावावा, पैसे परत मागावेत. पण जमीन गेली."

"त्याला पत्ता लागणार नाही?"

"नोंदी कोण कशा बघतं? मालकाच्या नावावरून. इतकी वर्षं मालक तुमच्या आत्या. आत्यांच्या नावावर शोधलं तर तुमचा जुना कागद दिसतच नाही. तुमच्या नावावर शोधायचा तर आत्या गेल्यापासूनचा शोधतील, एकोणीस वर्षं मागे कोण जातंय. तिथे कोणी राहतं का? घर, झोपडी, काही?"

जावई पटकन म्हणाला, "काही नाही. मोकळी आहे. रविवारी ती बाई येऊन बसते म्हणे, खुर्ची टाकून."

"खुर्ची टाकून बसण्याला ताबा म्हणत नाहीत," वकील म्हणाले, आणि स्वतःच जरा हसले. मग टाचणी खाली ठेवून त्याच्याकडे पाहिलं. "मी तुम्हाला काय करा ते सांगत नाही. कायदा कुठवर जातो आणि कुठे संपतो एवढंच सांगितलं."

खुर्चीचं जावयाला कोणी सांगितलं होतं? त्यानेच कधीतरी सांगितलं असणार. कारण खुर्ची त्याने पाहिली होती. काचेच्या कारखान्यावरून जाणारी बस त्याने कित्येक वर्षं टाळली होती, पण तीन वेळा नाइलाजाने त्या बसमध्ये बसावं लागलं. पहिल्यांदा दोन खुर्च्या दिसल्या होत्या, निळ्या पट्ट्यांच्या, घडीच्या. एकीवर पुरुष, हातवारे करून काहीतरी सांगत असलेला. दुसरीवर बाई, डोळे मिटून. दुसऱ्यांदाही दोन. दोन्ही वेळा त्याला प्रश्न पडला होता की ही माणसं अजून घर का बांधत नाहीत, आणि दोन्ही वेळा त्याने खिडकीतून नजर काढून घेतली होती. शेवटच्या वेळी, गेल्या वर्षी, एकच खुर्ची होती.

गोदामवाल्या कंपनीला जमीन विकायची, सही गुरुवारी करायची असं ठरलं. मधे रविवार होता. शनिवारभर तो दवाखान्याच्या मागच्या खोलीत होता. त्याने दोन पूर्ण कवळ्यांचे दात मेणावर लावले, एकेक दात चिमट्याने उचलून, गरम सुरीने मेण वितळवून. या कामात एक समाधान असायचं, की दात जागेवर बसला की तोंडाचा आकार दिसायला लागतो, नंबराचा माणूस होतो. आज तसं काही झालं नाही. दात बसत गेले, एवढंच. तो थकला होता, आणि हा थकवा कामाचा नव्हता, जमिनीचाही नव्हता. आपल्याबद्दल आपलं काय मत आहे हे इतकी वर्षं टाळत राहण्याचा होता. आपण चांगलं वागायचं ठरवलं तर मुलीच्या दोन खोल्या तशाच राहतील. जावयाचं ऐकलं तर एक म्हातारी खुर्ची घडी करून घरी जाईल, आणि पुढच्या रविवारी तिथे पत्र्याचं कुंपण असेल. यातल्या कुठल्याच बाजूने त्याचं मन ठाम उभं राहीना. शेवटी त्याने ठरवलं की रविवारी जाऊन बघायचं. खुर्ची रिकामी असली, बाई आलीच नसली, तर गुरुवारी सही करायची. आपण निर्णय एका म्हातारीच्या गुडघ्यांवर सोपवला आहे हे त्याच्या लक्षात आलं, पण लाज वाटण्याइतकी ताकदही त्याच्यात उरली नव्हती.

ती आली होती. तो बसमधून उतरला तेव्हाच भिंतीच्या सावलीत निळे पट्टे दिसले. भिंतीचा वरचा भाग पडला होता. जमिनीवर गुडघाभर गवत, मधून एक पायवाट, तिच्या एकटीच्या येण्याजाण्याने पडलेली. ती विणत नव्हती, वाचत नव्हती. मांडीवर हात ठेवून नुसती बसली होती. तो जवळ आला तशी तिने मान वळवली. केस पूर्ण पांढरे, चेहरा त्याला अनोळखीच वाटला. मग ती बोलली आणि तो जागच्या जागी थांबला. आवाज तोच होता, जरा फाटलेला.

"आलात," ती म्हणाली.

त्याने तयार करून आणलेलं पहिलं वाक्य गेलं. "तुम्ही मला ओळखलंत?"

"सात महिने दर रविवारी वाट बघतेय. न ओळखायला काय झालं?" तिने भिंतीजवळच्या दगडाकडे बोट दाखवलं. "बसा. दुसरी खुर्ची आता आणत नाही मी."

तो दगडावर बसला. "आत्या गेल्याचं तुम्हाला..."

"त्यांच्या शेजारणीचं पत्र आलं. तुमच्या आत्यांनीच तिला सांगून ठेवलं होतं, मला कळवायचं म्हणून." मग, गाड्या पुकारताना जसं एका सुरात सांगायची तसं, कुठेही न थांबता तिने सांगितलं. अकरा वर्षांपूर्वी त्यांनी घर बांधायला काढलं. नकाशा झाला, गवंडी ठरला. परवानगी घ्यायला गेले तर कारकून म्हणाला, ही जागा तुमची कुठे आहे, नोंदीत दुसऱ्याच बाईचं नाव आहे. ती दोघं त्या नावाचा माग काढत आत्याच्या गावी गेली. नवऱ्याचा संताप झाला होता. आयुष्यभर दुसऱ्यांचे काटे तपासले आणि स्वतःच्या वेळी डोळे मिटले, असं तो वाटेत पुन्हा पुन्हा म्हणत होता. पोलिसांत जाणार होता. "तुमच्या आत्यांनी आम्हाला जेवायला वाढलं," ती म्हणाली. "आणि मग पदर पसरला. म्हणाल्या, त्याला तुरुंगात घालू नका. माझ्यामागे जमीन त्याचीच होणार आहे, तसं मी लिहून ठेवते. त्याची झाली की तुमची होईल. तेवढं थांबा."

"पण त्यांनी तेव्हाच तुमच्या नावावर..."

"मी तेच विचारलं. म्हटलं, तुम्हीच आम्हाला सही करून द्या की आज, संपवा. तर नाही म्हणाल्या. मी दिली तर तो आयुष्यभर मोकळा फिरेल, म्हणाल्या. त्याने स्वतः येऊन सांगायला हवं. मी त्याला दर वेळी विचारते. एक दिवस सांगेल." तिने श्वास घेतला. "भली बाई होती, पण हट्टी. तिला तुम्हाला माणसात आणायचं होतं आणि त्यात आमची वर्षं गेली. ह्यांना पटलं नव्हतं. माझ्याखातर गप्प बसले. आठ वर्षं दर रविवारी इथे बसून मला सांगायचे, इथे ओटा, इथे न्हाणी, ही खिडकी मोठी करू. तीन वर्षांपूर्वी गेले. भाड्याच्या घरातनंच नेलं."

गवतात कुठेतरी एक किडा किरकिरत होता आणि तेवढाच आवाज होता. जागा खरंच शांत होती. त्याला रडू आलं असतं तर बरं वाटलं असतं, पण डोळे कोरडे, खरखरीत होते, पॉलिशची धूळ गेल्यासारखे. समोर एक चौकोन होता, ज्यात एका माणसाने ओटा पाहिला, न्हाणी पाहिली, खिडकी मोठी केली. आपण या माणसाची क्षमा मागू शकत नाही, आणि जिची मागू शकतो तिला ती नको आहे. हे त्याला तिच्या मांडीवरच्या हातांकडे बघून कळलं. ते हात जरासुद्धा हलत नव्हते.

"एक सांगायचंय," तो म्हणाला. "येत्या गुरुवारी मी ही जमीन दुसऱ्याला विकणार होतो. तुम्ही मागायच्या आत. तसं करता येतं, वकील म्हणाले."

"माहिती आहे."

"कसं?"

"बुधवारी एक माणूस जमीन मोजायची फीत घेऊन आला होता. मी त्या दिवशी सहज आले होते. विचारलं तर म्हणाला, चुकून आलो. चांगला वाटला हो बिचारा. मला बसस्टॉपपर्यंत सोडतो म्हणाला, गाडीवरून." "माझा जावई," तो म्हणाला. "गिऱ्हाईक त्यानेच आणलंय." त्याला ओशाळं वाटलं आणि त्याच वेळी जावयाची दयाही आली. "उद्या मी वकिलाकडे जाणारच होते," बाई म्हणाली. "म्हटलं, एक रविवार आणखी बघू. तुमच्यासाठी नाही. तुमच्या आत्यांना शब्द दिला होता म्हणून."

तो उठला. "उद्या दहा वाजता मीच येतो तुम्हाला न्यायला. कचेरीत जाऊ."

घरी त्याने सांगितलं तेव्हा जावयाने गाडीची किल्ली उचलली. मग "तुमची मर्जी, बाबा," म्हणाला आणि टायरच्या दुकानात काम आहे असं सांगून निघून गेला. मुलगी मागे राहिली. ती म्हणाली, "मला राग आलाय. तुम्ही बरोबर केलंत तरी मला राग आलाय." तो म्हणाला, "येऊ दे." बायकोने ताटं घेतली. जेवताना तिने त्याच्या पानात न विचारता दुसऱ्यांदा भात वाढला, आणि त्याला वाटलं की एवढंच असेल, यापुढे याबद्दल घरात कोणी काही बोलणार नाही.

कचेरीत दीड दिवस गेला. सोमवारी साहेब नव्हते, मंगळवारी होते. जुन्या कागदाला जोडून एक नवा कागद झाला. त्यात लिहिलं होतं की लिहून देणाऱ्याने पूर्वी स्वतःला मालक म्हणवून ही जागा विकली, तेव्हा तो मालक नव्हता, नंतर झाला, आणि ही नंतर आलेली मालकी तो घेणारीच्या स्वाधीन करतो आहे. कारकुनाने हे मोठ्याने वाचून दाखवलं. 'तेव्हा तो मालक नव्हता' या शब्दांशी आजूबाजूच्या बाकांवरचे दोन-तीन लोक मान वळवून बघायला लागले. त्याने मान खाली घातली नाही. आंगठा शाईत बुडवला, उमटवला, पुसला. बाईंनी आपलं पूर्ण नाव सावकाश, शाळेतल्या मुलीसारखं गोल अक्षरात लिहिलं. साक्षीदार म्हणून बायको आली होती. ती सही करून "मला उशीर होतोय" म्हणत पुढे निघून गेली.

जिना उतरताना बाईंनी कठडा धरला होता. मधल्या वळणावर त्या थांबल्या. "मी ती विकणार आहे," त्या म्हणाल्या.

त्याला नीट ऐकू आलं नाही असं वाटलं. "काय?"

"जमीन. आता या वयात घर कोणासाठी बांधू? लेक लांब असते, तिच्याजवळ जाऊन राहीन म्हणते. तुमचा तो फीतवाला, त्याच्याकडे गिऱ्हाईक आहे ना? त्याला म्हणावं, ये. दलाली त्याची त्याला मिळेल. सरळ मिळेल." त्यांनी त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं. "असं काय बघताय? तुम्हाला वाटलं असेल, म्हातारी तिथे खुर्ची टाकून मरणार."

त्याला तसंच वाटलं होतं. दोन दिवस त्याच विचारावर तो तग धरून होता, की जागा शांत राहील, गवत राहील, खुर्ची राहील. आता तिथे गोदाम होणार, त्याने केलं असतं तरी आणि नाही केलं तरी. तो पायरीवर तसाच उभा राहिला आणि आत काहीतरी, कित्येक वर्षं ताणून धरलेलं, सैल पडत गेलं. त्यात सुख नव्हतं. हात अवघडला की ओझं खाली ठेवल्यावरही बोटं लगेच उघडत नाहीत, तसं झालं होतं.

"सांगतो त्याला," तो म्हणाला.

दोघांना एकच बस मिळाली. दुपारची वेळ, गाडी अर्धी रिकामी. बाई खिडकीशी बसल्या, तो शेजारी. पिशवी त्यांनी मांडीवर उभी धरली होती, त्यात नवा कागद. दोन स्टॉप जाईपर्यंत त्या बाहेर बघत होत्या. मग मान हळूहळू कलली, तोंड किंचित उघडं पडलं, आणि त्या झोपल्या. पिशवी घसरायला लागली तसा त्याने तिला एका हाताने आधार दिला. कुठे उतरायचं ते त्याने विचारलंच नव्हतं. सोमवारी सकाळी न्यायला गेला तो रिक्षाने, पत्ता रिक्षावाल्याला दाखवून. बसचा कुठला स्टॉप जवळ पडतो याचा अंदाज येईना. कंडक्टर जवळ आला, झोपलेल्या बाईकडे बोट करून भुवया उंचावल्या. त्याने दोन तिकिटं शेवटपर्यंतची मागितली. बसने त्याच्या दवाखान्याचं वळण घेतलं, थांबली, चार माणसं उतरली. फळीवर प्लास्टरचे जबडे त्याची वाट बघत होते. एक नवी कवळी संध्याकाळपर्यंत द्यायची होती. दार बंद झालं. तो पिशवी धरून बसून राहिला.